हानाकचं ‘नो’

नीलांबरीने लुद्विक हानाकचा शॉट नासवला, आणि दोघांची ओळख झाली ती तिथूनच.

दोन हजार पाचचा फेब्रुवारी होता. पार्सिपनीत बर्फ पडून गेलं होतं आणि रूट फॉर्टीसिक्सच्या कडांना मळकट बर्फाचे बांध साचले होते. लायसन्स मिळून तिला महिनाही झाला नव्हता. स्टीअरिंग असं धरायची, जणू हात सुटला तर गाडी उधळेल. त्या रस्त्याला फुटपाथ नाही. इथून कुणाला चालत जावंसं वाटेल, हे रस्ता बांधणाऱ्याच्या मनातच आलं नसावं. आणि त्या कडेने तपकिरी ओव्हरकोटातला एक म्हातारा एकटाच चालला होता, ट्रकांचा वारा अंगावर घेत. नीलांबरीने गाडी हळू केली. मुलाकडे सहा महिन्यांसाठी आलेले असे कितीतरी वडील तिने कॉम्प्लेक्सच्या पार्किंगमध्ये गोल गोल फिरताना पाहिले होते. त्यातलाच एखादा वाट चुकला असणार. तिने गाडी बाजूला घेतली, काच खाली केली.

"अंकल, लॉस्ट? कम, कम. बसा आत."

म्हाताऱ्याने खिडकीतून येणारी हीटरची ऊब तोंडावर घेतली, क्षणभर विचार केला, आणि बिचारा बसलासुद्धा.

तेवढ्यात टायरच्या दुकानाआडून पांढऱ्या दाढीचा एक उंच माणूस दोन्ही हात हलवत धावत आला. त्याच्या मागे तीन पायांवर कॅमेरा उभा होता, तो नीलांबरीला आत्ता दिसला.

"बाई, तो हरवलेला नाही," धापा टाकत तो म्हणाला. "तो अ‍ॅक्टिंग करतोय."

"पण त्यांना थंडी वाजतेय."

"वाजायलाच हवी. त्यासाठी तर त्याला ब्रनोहून आणलाय."

गाडीतला म्हातारा, यारोमीर त्याचं नाव, गालात हसत होता आणि उतरायचं मनावर घेत नव्हता. त्याला दोघांनी मिळून उतरवला. नीलांबरीने गाडी वळणापलीकडे नेऊन लावली आणि दुसरा टेक होईपर्यंत ती तिथेच उभी राहिली. टेक संपता संपेना. तिची बोटं गारठली, नाक वाहायला लागलं, पण तिथून पाय निघेना. निरोप घेताना ती म्हणाली, "सॉरी हं काका," आणि दाढीवाला हानाक जो गुडघ्यांवर हात ठेवून वाकला, तो हसतच राहिला. चेक भाषेत, म्हणाला, लहान मुलांना शी लागली की ती हेच म्हणतात.

तेव्हापासून काका गेलं. चेकमध्ये श्रीयुताला ‘पान’ म्हणतात, म्हणून तो पान हानाक झाला. नीलांबरीचा नवरा श्रीरंग मग अधूनमधून विचारायचा, "काय म्हणतंय तुझं पान? साधं का मसाला?"

"कात जास्त झालाय," ती म्हणायची.

पान हानाक त्यांच्याच कॉम्प्लेक्समध्ये, मागच्या इमारतीत राहायचा. तरुणपणी ब्रनोत त्याने दोन पिक्चर केले होते. पहिला लोकांनी डोक्यावर घेतला, दुसरा सरकारने कपाटात घातला. कपाट उघडेना, तेव्हा तो देश सोडून निघाला आणि अमेरिकेत येऊन पोटासाठी टीव्हीवरच्या खुनांच्या मालिका लिहायला लागला. वीस वर्षं तेच. "पहिल्या जाहिरातीच्या आत मुडदा पडला पाहिजे," तो सांगायचा. "दुसऱ्या जाहिरातीच्या आत भलत्याच माणसाला पकडायचं. एवढं जमलं की घरभाडं निघतं."

स्वतःचा पिक्चर त्याने दोन हजार एकच्या उन्हाळ्यात सुरू केला. गोष्ट एवढीशी होती. ब्रनोचा एक निवृत्त ट्रॅमचालक लेकीकडे न्यू जर्सीला येतो. इंग्रजी येत नाही, मोटार येत नाही. जन्मभर रुळांवरून गेलेला माणूस, तो रोज रस्त्याच्या कडेने चालत सुटतो. यारोमीर नाटकातला जुना मित्र, म्हणून त्यासाठी आला. थोडंसं शूटिंग झालं आणि सप्टेंबर उजाडला. त्यानंतर हायवेकडे कॅमेरा रोखून उभ्या राहिलेल्या, जड उच्चाराच्या परक्या माणसाकडे कुणी सरळ नजरेने बघेना. गाड्या थांबायच्या, पोलीस यायचे, टेप काढून बघायचे आणि टेपमध्ये चालणाऱ्या म्हाताऱ्याशिवाय काही सापडलं नाही की अधिकच संशयाने बघायचे. यारोमीर परत गेला. मग जमेल तसा येत राहिला, कधी एक उन्हाळा, कधी अर्धा हिवाळा. पिक्चरमधला म्हातारा पडद्यावर बघता बघता खराच म्हातारा होत गेला. नीलांबरी आडवी आली तो त्याचा शेवटचा हिवाळा. पुढच्या वर्षी ब्रनोहून फोन आला, यारोमीर गेला म्हणून. जे काही चालणं त्याने मागे ठेवलं होतं, ते हानाकच्या फडताळातल्या टेपांमध्ये होतं.

आणि नीलांबरी? ती मूळची नागपूरची. अंधेरीच्या एका स्टुडिओत आठ वर्षं मालिकांचं संकलन करत होती, त्यांच्या भाषेत ‘कापत’ होती. तिथे सासू दचकली की तीनदा दचकायची, तीन बाजूंनी, आणि तिन्ही वेळा वीज कडाडायची. त्या कामाचा तिला कंटाळा होता, पण ते काम होतं. लग्नानंतर काही वर्षांनी एच-फोर व्हिसावर इथे आली. राहायला परवानगी, कमवायला नाही. हातांना नुसती पोळ्या लाटायची सवय लागत चालली होती. दोन हजार सातच्या नोव्हेंबरात टीव्हीच्या लेखकांनी संप केला, हानाकची मालिका थांबली आणि तो टेपांचा ढीग मांडून घरी बसला. ती म्हणाली, मी कापते. फुकट कापते.

श्रीरंगने भुवया चढवल्या होत्या. "फुकट आहे तोवर चालेल. पण नाव-बिव नको हं कुठे. ग्रीन कार्डाचं चाललंय आपलं."

"माझं नाव वाचायला बसलंय कोण," ती म्हणाली.

आठ वर्षांची सिया शाळेत गेली की ती मागच्या इमारतीत जायची. पहिल्याच आठवड्यात ती रडायच्या बेतात आली. ती एक तुकडा जोडून दाखवायची, आणि मागे उभा राहून हानाक म्हणायचा, "नो... नो, नो..." ती मुकाट्याने सगळं सोडवायची, पुन्हा जोडायची. पुन्हा मागून "नो, नो." चौथ्या वेळी तिने माउस बाजूला सारला.

"मग तुम्हीच दाखवा कसं हवं ते."

"का? फार सुंदर होतं. तू मोडतेस का सारखं?"

तेव्हा उलगडा झाला. चेकमध्ये ‘नो’ म्हणजे हं, बरं, हो की. ‘नाही’ला त्यांच्याकडे ‘ने’ म्हणतात. ती हसली आणि मग तिला आठवलं, की आपणही काही कमी नाही. आवडलेल्या गोष्टीला आपण "नाही, छानच झालंय" असंच म्हणतो. सुरुवातच नाहीने करतो, आणि ती इंग्रजीत बोलतानाही तसंच करायची. मग त्यांनी आपसात ठरवून टाकलं. खरोखरीचं नाही म्हणायचं असेल तेव्हा त्याने ‘ने’ म्हणायचं, तिने ‘नाही’ म्हणून तिथेच थांबायचं. इंग्रजी नो दोघांनीही हिशोबात धरायचं नाही.

तुकड्याची लांबी तो घड्याळाने ठरवायचा, ती ओवीने. आई पाळण्याशी गुणगुणायची त्या ओवीचा श्वास तिच्या कानात भिनलेला होता. एक ओळ भरून येते, टेकते, आणि दुसरी उचलते. जिथे श्वास टेकायचा तिथे ती कापायची. चालणाऱ्या म्हाताऱ्यासाठी तिची तिलाच एक ओवी सुचली होती, ती ओठातल्या ओठात चालू असायची:

कडंकडंनं चालला, बर्फावरी त्याचं पाऊल
मोटारीच्या गलक्यात, नाही मानसाची चाहूल

हानाकने अर्थ विचारला. तिने सांगितला. तो दाढी कुरवाळू लागला. "हे कुठे लिहायचं नाही," म्हणाला. "हे आपलं माप आहे."

सगळा पिक्चर त्या मापाने कापला गेला, एक शॉट सोडून. तिने नासवल्यानंतर जो दुसरा टेक झाला होता, तो. त्यात म्हातारा लांबून येतो, थांबतो, पुन्हा चालायला लागतो. मध्ये जे घडतं त्याला घडणं म्हणावं की नाही, हाच प्रश्न. फार लांब होता तो. पण त्याला कात्री लावायची तर कुठे लावायची? ओवीच्या ओळी संपायच्या, पुन्हा सुरू व्हायच्या, आणि तो चालूच. त्या शॉटपाशी आलं की दोघंही खुर्च्या मागे सरकवून नुसते बघत बसायचे. त्यासाठीच बाकीचा पिक्चर आहे, हे बोलून दाखवायची गरज कधी पडली नव्हती.

जानेवारीत एका केबल चॅनलचा माणूस भेटला. संपामुळे त्यांच्याकडे दाखवायला नवं काही उरलं नव्हतं, आणि त्यांना पिक्चर आवडला होता. अट एकच: तो लांब शॉट काढायचा. तिथे, त्यांचं म्हणणं, लोक रिमोट उचलतात. आणि हे जमलं तर हानाकच्या पुढच्या पिक्चरचाही विचार करू. त्याच आठवड्यात त्याला कळलं होतं की खुनांची मालिका संप मिटला तरी परत सुरू होणार नाही.

"एकसष्टाव्या वर्षी नवे मुडदे कुठून आणू?" तो म्हणाला. नेहमीच्या विनोदासारखं म्हणायला गेला, पण आवाज मध्येच खाली बसला. "नीला, तू सांग. नासवलास तू, जपलासही तूच. तू म्हणशील ते करतो."

"विचार करू दे मला," ती म्हणाली.

विचार तिने केला, म्हणजे दोन दिवस तो टाळला. शॉट गेला तर त्यात यारोमीर पुन्हा एकदा मरणार होता, आणि तिने या देशात जीव लावलेली एकमेव गोष्ट जाणार होती. शॉट राहिला तर कदाचित कुणीच काही बघणार नव्हतं, आणि एक म्हातारा होत चाललेला माणूस रिकाम्या हातांनी घरी बसणार होता. ते ओझं आपल्या शब्दावर का, या विचाराने तिला हानाकचा रागही येत होता.

शनिवारी तिच्याकडे संक्रांतीचं हळदीकुंकू होतं. बाहेर बर्फ आणि आत काठापदराच्या साड्या, दाराशी बुटांचा ढीग. वाण म्हणून तिने प्लॅस्टिकचे मेझरिंग कप आणले होते. तिळाच्या वड्यांचं ताट हातात असतानाच फोन वाजला.

"नीला," हानाक म्हणाला, "ते दुसऱ्या लाइनवर आहेत. आत्ताच सांगायचंय. देऊन टाकू? शॉट काढून?"

"कोण गं?" शेजारची आश्लेषा सोफ्यावरून ओरडली. "पान का? त्याला म्हणावं, ये, तुलाही कप देऊ."

बायका हसल्या. नीलांबरी कोपऱ्यात सरकली. उत्तर पोटात तयार होतं, पण ते लांब होतं, त्याला जागा हवी होती, शांतता हवी होती. त्या गलक्यात तिच्या तोंडून एवढंच निघालं, "नो."

"नो?"

"नो. मी नंतर बोलते, घरात माणसं आहेत."

"नो, नो," तो घाईने म्हणाला आणि फोन ठेवला. तिला वाटलं, समजलं त्याला. ताट घेऊन ती वळली आणि उरलेली संध्याकाळ तिने एकदाही फोनकडे पाहिलं नाही.

मंगळवारी ती त्याच्याकडे गेली तेव्हा त्याने दाढी नीट कापून घेतली होती. टेबलावर बेकरीतला गोड पाव कापून ठेवलेला. ती संगणकापाशी बसली, पिक्चर पुढे नेला, आणि जिथे लांब शॉट सुरू व्हायचा तिथे म्हातारा एकदम लेकीच्या दारात उभा राहिला.

तिने मागे नेऊन पुन्हा पाहिलं. पुन्हा दारात.

"सांधा बरा घातलाय ना?" मागून हानाक म्हणाला. "मीच केला. काल सही केली. तू सांगितलंस म्हणून धीर झाला, नाहीतर मी—"

"मी काय सांगितलं?"

"शनिवारी. विचारलं मी, देऊन टाकू का. तू म्हणालीस नो."

"मी नो म्हणाले," नीलांबरी म्हणाली.

दोघांनी एकमेकांकडे पाहिलं.

"आपलं ठरलं होतं," तो हळूच म्हणाला. "नाही म्हणायचं असेल तर नाही म्हणायचं."

"तुम्ही फोनवर इंग्रजीत विचारलंत, मी इंग्रजीत सांगितलं. पंचवीस वर्षं राहताय इथे, पान हानाक. तुम्हाला नो कळत नाही?"

तो उठून खिडकीपाशी गेला. खाली पार्किंगमध्ये कानटोपी घातलेले एक आजोबा फेऱ्या मारत होते. ते एक वळण घेऊन परत आले तरी हा उभाच.

"कळतं," शेवटी तो म्हणाला. "त्या दिवशीही कळलं असेल. मी दुसऱ्यांदा विचारलं ना, नो? म्हणून. ते खात्री करायला नव्हतं विचारलं. तू नीट नाही म्हणू नयेस म्हणून घाईत विचारलं. मग मला हवं ते मी ऐकलं."

नीलांबरीला खरं तर आणखी दोन शब्द सुनवायचे होते. जिभेवर आले होते. पण त्याच्या पाठीकडे बघता बघता तिला शनिवारची आपलीच पाठ आठवली, फोनकडे फिरवलेली.

"मीही पुटपुटलेच," ती म्हणाली. "खोलीबाहेर जाऊन सांगता आलं असतं. बायका काय, दोन मिनिटं थांबल्या असत्या. मला वाटलं, एवढंसं म्हटलं की माझं काम झालं. पुढे काय व्हायचं ते होऊ दे, माझ्यावर नको."

"आता ते सही मागे घेऊ देत नाहीत. विचारलं मी, आज सकाळीच."

"का विचारलंत? तुम्हाला तर माझं नो हो वाटलं होतं."

तो वळला. त्याचे डोळे लाल झाले होते आणि तरी ओठाच्या कोपऱ्यात तो जुना मिस्किलपणा हलला. "खुनाच्या मालिका लिहितो, बाई. मुडदा लपवलेला माणूस रात्रभर झोपत नाही, एवढं मला माहीत आहे."

गोड पावाला दोघांनीही हात लावला नाही. जाताना त्याने तिला दारात थांबवलं. शेवटच्या नावांमध्ये त्याने तिचं नाव घातलं होतं, न विचारता. संकलन म्हणून फक्त तिचं. ते अजून बदलता येत होतं. "तेवढंच माझ्या हातात उरलंय," तो म्हणाला. "जो सांधा तू घातला नाहीस तोही तुझ्या नावावर जाईल. काढू?"

नीलांबरीला श्रीरंगची भुवई आठवली, ग्रीन कार्ड आठवलं. नाव काढलं की सगळं सोपं होतं. मग हे आपण केलंच नव्हतं, असं म्हणता येईल. आणि बाकीचं? ओळीला ओळ टेकवत इतके दिवस कापलेलं, ते कुणाचं?

"राहू दे," ती म्हणाली. आणि त्याने पुन्हा विचारायच्या आत, एकेक शब्द सुटा करून, "माझं नाव त्यावर राहू दे. कुणी विचारलं तर त्यातून काय गेलंय ते मी सांगेन."

"कुणी विचारणार नाही, नीला."

"मग न विचारता सांगेन."

घरी श्रीरंग चिडला. फार नाही, पण दोन दिवस ताटात बघून जेवला. तिसऱ्या दिवशी ऑफिसातल्या वकिलाला विचारून आला आणि म्हणाला, "पगार नाही तर नुसत्या नावाचं काही नाही म्हणे." मग जरा थांबून, "आधी मला सांगायचंस यार."

"हो," ती म्हणाली. "सांगायला हवं होतं."

एप्रिलमध्ये एका शनिवारी दुपारी पिक्चर लागला. तिने हानाकला बोलावलं होतं. तो म्हणाला, त्या वेळी मला कपडे धुवायचेत. श्रीरंगने चिवडा काढला, सिया गालिच्यावर पालथी पडून बघत होती. म्हातारा चालला, चालला, आणि एकदम लेकीच्या दारात उभा राहिला. श्रीरंगने बायकोकडे चोरून पाहिलं. ती सरळ पडद्याकडे बघत होती. शेवटी काळ्यावर पांढरी अक्षरं वर सरकली आणि सिया गुडघ्यांवर उठून बसली. "आई, दॅट्स यू! दे स्पेल्ड इट राइट!"

लगेच फोन वाजला. श्रीरंगचा धाकटा भाऊ ऋषी, पार पश्चिम किनाऱ्याकडच्या बॉथेलहून.

"वहिनी, काँग्रॅट्स! नाव बघितलं. मी फोटो काढलाय स्क्रीनचा, आईला पाठवतो."

"थँक्यू."

"आणि काय क्रिस्प कापलायस यार. मला वाटलं, चेक-बिक म्हणजे रडत रेंगाळणार. कुठेच रेंगाळत नाही."

नीलांबरीने चिवड्याची वाटी खाली ठेवली.

"एका ठिकाणी रेंगाळायला हवा होता," ती म्हणाली. "ऋषी, वेळ आहे तुला?"

"आहे की. का?"

"मधला एक शॉट काढलाय त्यांनी. म्हातारा बर्फातून लांबून येतो. आधी नुसता ठिपका असतो, गाड्या मध्ये येतात, जातात, प्रत्येक गाडी गेली की तो थोडा मोठा झालेला असतो. येतो, येतो, आणि लोखंडी कठड्यापाशी थांबतो."

"ओके. गाडी उडवते त्याला?"

"नाही. तो कठड्यावर बसतो, आणि एक बूट काढायला लागतो. बोटं गोठलीयत, नाडी सुटत नाही. दातांनी सोडवावी असं त्याच्या मनात येतं, तोंड खाली नेतो, पण वाकवत नाही. मग पुन्हा बोटांनी. एक ट्रक जातो, त्याची टोपी हलते, पडत नाही. मग सुटते नाडी."

"मग?"

"बूट उलटा करतो. खडा पडतो, एवढासा."

"आणि मग?"

"तो खडा फेकत नाही. तळहातावर घेऊन बघतो. आणि जिथे त्या कडेला बाकीचे खडे आहेत ना, तिथे वाकून, त्यांच्यात नीट ठेवतो."

श्रीरंगने टीव्हीचा आवाज बंद केला. सिया गालिच्यावरून वर बघत होती. "देन व्हॉट?" तिने विचारलं.

"मग तो बूट घालतो," नीलांबरी फोनवर म्हणाली, पण आता तिच्याकडे बघत, आणि नाडी बांधायचा भाग सांगायला घेतला. तो बराच लांब होता.